फैजपूरचे टिळकनगर

बऱ्हाणपूरहून अंकलेश्वरकडे जाणाऱ्या रस्त्यावर, सावदा आणि यावल यांच्या मध्ये फैजपूर आहे. जळगाव जिल्ह्याच्या यावल तालुक्यातले हे नगरपालिकेचे गाव. उत्तरेला सातपुडा, दक्षिणेला तापी आणि मधल्या खोल काळ्या जमिनीत केळीच्या बागा. ब्रिटिश अमदानीचा वारसा पाहायला लोक मुंबईच्या फोर्टात जातात, पुण्याच्या कॅम्पात जातात. तिथे दगडी कमानी, घड्याळाचे मनोरे, पुतळ्यांचे चौथरे असतात. फैजपुरात त्या तोलाची एकही इमारत उभी नाही. तरीही त्या अमदानीत खेड्याचे काय झाले आणि खेड्याने तिला काय उत्तर दिले, हे कळायला चार-पाच जणांनी जाणत्या माणसाला सोबत घेऊन फैजपूर परिसरात अर्धा दिवस घालवणे फार उपयोगी आहे. डिसेंबर १९३६ मध्ये भारतीय राष्ट्रीय काँग्रेसचे पन्नासावे अधिवेशन इथे भरले. खेड्यात भरलेले ते काँग्रेसचे पहिले अधिवेशन. मात्र त्याची कथा १९३६ मध्ये सुरू होत नाही. ती सुरू होते जमिनीच्या मोजणीपासून.

पेशवाई संपल्यावर १८१८ मध्ये खानदेश इंग्रजांच्या ताब्यात गेला. कॅप्टन जॉन ब्रिग्ज हा तिथला पहिला राजकीय प्रतिनिधी. लढाया, पुंडावा आणि दुष्काळ यांनी प्रांत उजाड झाला होता. कित्येक गावे ओस पडली होती. सातपुडा आणि सातमाळ्यातल्या भिल्लांशी आधी लढाई आणि मग नोकरीचे आमिष, अशा दुहेरी धोरणातून १८२५ मध्ये जेम्स आउट्रमने भिल्लांची पलटण उभी केली. धरणगाव हे तिचे ठाणे झाले. फैजपूरच्या आसपासचा मुलूख मात्र लगेच एका हाती आला नाही. यावल परगणा काही काळ शिंद्यांकडे परत गेला होता आणि १८४३ मध्ये तो कायमचा इंग्रजांकडे आला. त्यामुळे या पट्ट्यातल्या शेतकऱ्याला नव्या सरकारची पक्की ओळख झाली ती कचेरीतून वा कोर्टातून नाही. मोजणीदाराच्या साखळीतून झाली.

ही मोजणी नीट समजून घ्यायला हवी, कारण फैजपूरचा वसाहतकालीन वारसा आजही सर्वांत जिवंत आहे तो याच ठिकाणी. दख्खनमध्ये गोल्डस्मिड आणि विन्गेट या दोन अधिकाऱ्यांनी १८३०च्या दशकात इंदापूरपासून नवी पद्धत बसवली. तेहतीस फुटांची साखळी घेऊन प्रत्येक शेत मोजायचे. साखळीच्या लांबी-रुंदीचा चौकोन म्हणजे एक गुंठा, असे चाळीस गुंठे म्हणजे एक एकर. शेताच्या कोपऱ्यांवर हद्दीचे दगड रोवायचे, शेताला नंबर द्यायचा. मग मातीची प्रतवारी. थर किती खोल, रंग काळा की तांबूस, चुनखडी आहे का, पाणी साचते का, हे पाहून जमिनीची किंमत आण्यांत लावायची. सोळा आण्यांची जमीन पहिल्या प्रतीची. त्यावरून सारा ठरायचा आणि तो तीस वर्षे कायम राहायचा. सारा थेट रयतेकडून घ्यायचा, मध्ये जमीनदार नाही. कागदावर ही पद्धत आधीच्या बेबंद वसुलीपेक्षा सुसूत्र होती. रयतेच्या नजरेला मात्र साखळी घेऊन शेतात उतरलेला परका माणूस दिसत होता, आणि साऱ्याचा आकडा वाढणार ही भीती होती. गावच्या पाटील-देशमुखांचे मोजणीतले जुने वजन आणि हक्कही त्याने जाणार होते.

खानदेशात ही भीती १८५२ मध्ये उघड बंडाळीपर्यंत गेली. सावदा, रावेर, चोपडा या भागांत मोजणी येताच लोक जमावाने एकत्र आले. मोजणीच्या अधिकाऱ्यांना त्यांनी काम थांबवायला लावले. एरंडोलकडेही तेच लोण पोचले. सरकारने सैन्य आणून जमाव मोडला, पुढाऱ्यांना पकडले आणि मोजणी पुरी केली. सत्तावन्नच्या पाच वर्षे आधीची ही घटना शाळेच्या पुस्तकात सहसा येत नाही. कुणी राजा नाही, तलवार नाही, किल्ला नाही. शेतावरच्या आकारणीला शेतकऱ्यांनी केलेला विरोध एवढाच तिचा विषय. पण चौऱ्याऐंशी वर्षांनी याच पट्ट्यात शेतसारा कमी करा असा ठराव राष्ट्राच्या सभेत होतो, तेव्हा त्याच्या मागे या मातीतली जुनी दुखणी आहेत, हे लक्षात ठेवावे लागते. आजचा सातबारा हाती घेतला की त्यात गुंठा आहे, आकार आहे. जमिनींच्या एकत्रीकरणानंतर कित्येक ठिकाणी सर्व्हे नंबरांच्या जागी गट नंबर आले, पण मांडणी त्या साखळीनेच घालून दिलेली आहे.

शेताबाहेर फैजपूरची ओळख होती रंगाऱ्यांची. एकोणिसाव्या शतकातले फैजपूर छापील कापडासाठी आणि गडद निळ्या व तांबड्या रंगासाठी खानदेशभर नावाजलेले होते. रंगारी कुटुंबांची मोठी वस्ती गावात होती. निळा रंग निळीच्या पिंपातून यायचा आणि तांबडा आल नावाच्या झाडाच्या मुळीतून. आलाचा रंग कापडावर नुसता चढत नाही. कापड आधी खारात आणि तेलात मुरवायचे, वाळवायचे, पुन्हा धुवायचे. मग हिरड्याच्या पाण्यात बुडवून पिवळट करायचे. लाकडी ठशांनी त्यावर तुरटीचे पाणी छापायचे. जिथे तुरटी लागली तिथेच आलाच्या उकळत्या पाण्यात तांबडा रंग धरतो, बाकीचे कापड धुतले की मोकळे होते. काळी रेघ हवी असेल तर गंजलेले लोखंड गुळाच्या पाण्यात आंबवून त्याने छापायचे. एका थानाला असे कितीतरी दिवस लागत आणि प्रत्येक टप्प्याला वाहते पाणी, ऊन आणि अनुभवी हात लागे.

हा धंदा मोडण्याचे कारण फैजपुरात शोधून सापडत नाही. युरोपातल्या रसायनशास्त्रज्ञांनी १८६९ मध्ये तांबडा अलिझरीन रंग कृत्रिम रीतीने बनवला, आणि १८९७ मध्ये एका जर्मन कंपनीने कृत्रिम नीळ बाजारात आणली. आल आणि नीळ दोन्ही पिके काही वर्षांत निरुपयोगी ठरली. त्यातच मँचेस्टरचे गिरणीचे छापील कापड रेल्वेने स्वस्तात येऊ लागले. रंगारी आडनावे राहिली, रंगाच्या भट्ट्या विझल्या. खादी आणि ग्रामोद्योगांचे प्रदर्शन पुढे याच गावात उघडले, त्याला या उद्योगाच्या ऱ्हासाची पार्श्वभूमी होती. प्रदर्शन पाहायला आलेल्या पाहुण्यांना ती ठाऊक असो वा नसो, गावाला ठाऊक होती.

रंगाबरोबर दुसरा व्यवहार होता लाकडाचा. सातपुड्यातले लाकूड उतरून फैजपूरच्या आठवडी बाजारात येई आणि तो बाजार खानदेशातल्या मोठ्या लाकूड-बाजारांत गणला जाई. घराचे वासे, गाड्यांची चाके, औतांची लाकडे इथून दूरवर जात. १८७८च्या वनकायद्यानंतर जंगले राखीव ठरली आणि डोंगरातल्या माणसाचा जंगलावरचा जुना वापर परवान्याच्या अधीन गेला.

रेल्वे आली ती गावाला वळसा घालून. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा मार्ग १८६०च्या दशकात भुसावळ गाठून तापी ओलांडून खंडव्याकडे गेला आणि १८७० मध्ये जबलपूरला अलाहाबादकडून येणाऱ्या मार्गाला जोडला गेला. मुंबई आणि कलकत्ता यांना जोडणारी ही पहिली सलग वाट. फैजपूरला जवळचे स्टेशन सावदा. तेही सावदा गावापासून दूर. पाव शतकात भुसावळ हे रेल्वेचे मोठे गाव झाले, जळगाव कापसाची पेठ झाली आणि फैजपूर-सावदा-यावल ही जुनी बाजारगावे बाजूला पडली. १९०६ मध्ये खानदेशचे पूर्व आणि पश्चिम असे दोन जिल्हे झाले तेव्हा पूर्व खानदेशचे मुख्य ठाणे जळगावला गेले. बाजूला पडलेल्या या गावाची निवड काँग्रेसने केली. ती का, हे पाहण्याआधी तिथली माणसे पाहायला हवीत.

पूर्व खानदेशात असहकारापासून राजकीय कामाची घट्ट वीण होती. भुसावळचे अण्णासाहेब दास्ताने वकिली बाजूला ठेवून गांधीजींच्या कामात पडले होते. फैजपूरजवळच्या खिरोद्याचे धनाजी नाना चौधरी शेतकऱ्यांत काम करत होते. अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात शिकवणारे साने गुरुजी १९३० मध्ये नोकरी सोडून सत्याग्रहात उतरले. १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात विनोबांनी गीतेवर प्रवचने दिली आणि साने गुरुजींनी ती टिपून घेतली. या तुरुंगाने खानदेशातल्या कार्यकर्त्यांची एक पिढी एकमेकांशी बांधली. ही माणसे शहरी सभांपेक्षा गावांच्या पारावर अधिक वावरलेली होती. अधिवेशनासाठी पैसा, धान्य, स्वयंसेवक गोळा करायला साने गुरुजी खेडोपाडी फिरले, आणि लोक त्यांच्या शब्दावर बाहेर पडले.

खेड्यात अधिवेशन भरवण्याची कल्पना गांधीजींची होती. १९३४ मध्ये त्यांनी काँग्रेसचे सदस्यत्व सोडले आणि त्याच वर्षाच्या अखेरीस वर्ध्याला अखिल भारतीय ग्रामोद्योग संघ सुरू केला. ३० एप्रिल १९३६ रोजी ते शेगावला, म्हणजे पुढच्या सेवाग्रामला राहायला गेले. त्याआधी त्याच महिन्यात लखनौला काँग्रेसचे एकोणपन्नासावे अधिवेशन झाले होते. तोवर काँग्रेस मोठ्या शहरांत भरत असे. शहरांत मैदान असते, हॉटेले असतात, स्टेशन जवळ असते, वृत्तपत्रे असतात. खेड्याचा माणूस तिथे पाहुणा म्हणूनसुद्धा क्वचितच पोचे. गांधीजींना हे उलटे करायचे होते: काँग्रेसने खेड्यात जाऊन तिथल्या साधनांत राहायचे, खेड्याच्या हातांनी बनलेल्या जागेत बसायचे. महाराष्ट्राने ही जबाबदारी घेतली आणि पूर्व खानदेशातल्या फैजपूरची निवड झाली. स्वागताध्यक्ष शंकरराव देव होते.

गावाशेजारच्या मोकळ्या जागेत जे नगर उभे राहिले, त्याला लोकमान्यांचे नाव देऊन टिळकनगर म्हटले. त्याच्या रचनेसाठी गांधीजींनी शांतिनिकेतनच्या कलाभवनाचे प्रमुख नंदलाल बोस यांना बोलावले. लखनौच्या अधिवेशनातले कलाप्रदर्शन त्यांनीच मांडले होते. पण प्रदर्शन मांडणे वेगळे आणि हजारो माणसांच्या वस्तीचे नगर उभे करणे वेगळे. आपण चित्रकार आहोत, वास्तुकार नाही, ही अडचण नंदलालांनी मांडली. गांधीजींचा आग्रह मात्र कायम होता. स्थापत्याची बाजू वास्तुकार म्हात्रे यांनी सांभाळली. अधिवेशनात बोलताना गांधीजींनी नगरीच्या रचनेचे श्रेय या दोघांना दिले.

टिळकनगराचे मोल कळायला बांबू कसा वागतो हे माहीत असले पाहिजे. बांबूत खिळा ठोकला की पेराला चीर जाते, म्हणून जोड दोरीने बांधावा लागतो. कमान करायची तर हिरवा बांबू चिरून त्याच्या कांब्या वाकवाव्या लागतात, वाळून कडक झालेला मोडतो. मोठ्या द्वाराला अनेक बांबूंची जुडी करून खांब करावा लागतो आणि पाया जमिनीत खोल पुरावा लागतो, नाहीतर उघड्या माळावरचा वारा सगळे आडवे करील. भिंतीच्या जागी तट्टे, छपराला गवत, आडोशाला चटया. हे सगळे ज्ञान बुरुडाकडे आणि शेतकऱ्याकडे होते. नंदलालांनी ते जसेच्या तसे घेतले. दगडी इमारतीचा खोटा आव आणणारे रंगीत कापड, कागदी खांब, प्लास्टरचे पुतळे यांना तिथे थारा नव्हता. बांबूचा खांब बांबूचाच दिसायचा, चटई चटईच. रोजच्या वापरातल्या खेड्याच्या वस्तू त्यांनी सजावटीला लावल्या. काँग्रेसच्या मंडपांचे सुशोभन तोवर शहरी कंत्राटदारांच्या हाती असे, आणि ते बहुधा सरकारी दरबारांच्या थाटाची नक्कल करत असे. फैजपुरात ती नक्कल थांबली. भारतीय कलेच्या इतिहासात पुढच्या हरिपुऱ्याच्या चित्रफलकांचा उल्लेख नेहमी होतो आणि टिळकनगराचा कमी. ती चित्रे टिकली आणि फैजपूरचा बांबू उरला नाही, एवढेच त्याचे कारण आहे. पण खेड्याच्या साधनांतून सार्वजनिक जागेची शोभा घडवण्याचा मूळ प्रयोग फैजपूरचा.

खादी आणि ग्रामोद्योग प्रदर्शन या नगराचाच भाग होते. गांधीजींनी ते अधिवेशनाच्या दोन दिवस आधी, २५ डिसेंबरला उघडले. त्यांच्या दृष्टीने ते अधिवेशनाइतकेच महत्त्वाचे होते. येणाऱ्या खेडुताला भाषणांतले सगळे कळेल असे नाही, पण सूत कसे निघते, तेल कसे गाळले जाते, कागद कसा होतो, हे तो पाहील आणि घरी जाऊन करील, हा त्यामागचा विचार होता.

मुंबईत १८८५ मध्ये काँग्रेसची पहिली सभा ज्या परिसरात झाली, तिथून धावपटूंनी हातोहात ज्योत आणून फैजपूरला पोचवली. मुंबई ते भुसावळ हे अंतर लोहमार्गाने साधारण ४४५ किलोमीटर आहे. वाटेतल्या गावांनी ज्योतीचे स्वागत केले, आणि अशा रीतीने अधिवेशन सुरू होण्याआधीच रस्त्यावर सुरू झाले होते.

त्याच दिवसांत आणखी एक मिरवणूक येत होती. मनमाडहून पाचशे किसान पायी निघाले आणि दोनशे मैलांवर चालून फैजपूरला आले. वाटेतल्या गावांत थांबत, शेतकऱ्यांच्या मागण्या समजावून सांगत ते येत होते. काँग्रेसबरोबरच फैजपुरात अखिल भारतीय किसान सभेचे दुसरे अधिवेशन भरले. त्याचे अध्यक्ष आंध्रचे एन. जी. रंगा होते. पायी आलेल्या किसानांच्या स्वागताला जवाहरलाल नेहरू, शंकरराव देव, नरेंद्र देव, श्रीपाद अमृत डांगे, मिनू मसानी, युसूफ मेहेरअली, बंकिम मुखर्जी अशी मंडळी होती. तुरुंगातून २० नोव्हेंबरला सुटून आलेले मानवेंद्रनाथ रॉयही तिथे होते. गांधीवादी, समाजवादी, साम्यवादी एकाच माळावर, एकाच धुळीत उतरले होते. १९३६चे अधिवेशन नंतर जितके वादळी म्हणून ओळखले जायला हवे होते तितके ओळखले जात नाही, कारण मतभेद असूनही त्यात एका विषयावर सर्वांना एकत्र येता आले. तो विषय शेतीचा.

मुख्य अधिवेशन २७ आणि २८ डिसेंबरला झाले. अध्यक्ष लखनौप्रमाणेच जवाहरलाल नेहरू. वल्लभभाई पटेल यांनी आपले नाव मागे घेतल्याने त्यांची फेरनिवड झाली होती. अध्यक्षांची मिरवणूक बैलांनी ओढलेल्या सजवलेल्या रथातून निघाली. सुभाषचंद्र बोस मात्र येऊ शकले नाहीत. युरोपातून परतताच एप्रिलमध्ये सरकारने त्यांना पकडले होते आणि त्या वेळी ते स्थानबद्ध होते. माणसे अपेक्षेपेक्षा कितीतरी जास्त आली. गर्दीचा अंदाज लाखाच्या घरात जातो. कुटुंबेच्या कुटुंबे बैलगाड्या जुंपून, भाकरी बांधून आली. काँग्रेसच्या इतिहासात प्रथमच श्रोत्यांत शहरी माणसापेक्षा शेतकरी बहुसंख्य होता.

सभेपुढे तातडीचा प्रश्न होता १९३५च्या कायद्याचा. प्रांतांना मर्यादित स्वायत्तता देणाऱ्या या कायद्याखाली निवडणुका काही आठवड्यांवर आल्या होत्या. काँग्रेसने कायदा नाकारला, निवडणुका मात्र लढवायचे ठरवले, घटना समितीची मागणी केली आणि मंत्रिपदे घ्यायची की नाही हा निर्णय निवडणुकीनंतरवर ठेवला. कायदा अमलात येईल त्या १ एप्रिल १९३७ रोजी देशभर हरताळ पाळण्याचेही ठरले. नेहरूंनी भाषणात स्पेनमधल्या यादवी युद्धाचा आणि वाढत्या फॅसिझमचा विषय आणला, आणि अधिवेशनाने स्पेनच्या लोकांना सहानुभूती कळवली. यावल-रावेरच्या शेतकऱ्यासमोर माद्रिदची गोष्ट मांडणे काहींना विसंगत वाटले असेल; नेहरूंची भूमिका अशी होती की दोन्ही लढाया एकाच सत्तेशी आहेत.

पण फैजपूर इतिहासात टिकले ते शेतीविषयक कार्यक्रमामुळे. त्यात तेरा कलमे होती. खंड आणि शेतसारा चालू परिस्थितीप्रमाणे पुन्हा ठरवून त्यात भरीव कपात करावी. ज्या जमिनीवर कुटुंब जगू शकत नाही तिला खंड-साऱ्यातून वगळावे. शेतीच्या मोठ्या उत्पन्नावर इतर उत्पन्नाप्रमाणे चढत्या दराने प्राप्तिकर लावावा. कालव्याच्या पाण्याचे दर कमी करावेत. वेठबिगार आणि सरंजामी पट्ट्या बंद कराव्यात. कुळांना कायमचा आणि वारसाने चालणारा हक्क मिळावा. घर बांधण्याचा, झाड लावण्याचा अधिकार त्यात असावा. सहकारी शेतीचा प्रयत्न करावा. अन्यायाचे किंवा फेडण्याच्या ताकदीबाहेरचे कर्ज खास न्यायाधिकरणे नेमून रद्द करावे, तोवर वसुली थांबवावी आणि स्वस्त कर्ज द्यावे. मागील खंडाची थकबाकी साधारणपणे माफ करावी. खंड थकला तर दिवाणी कर्जाप्रमाणे वसूल करावा, कुळाला जमिनीवरून काढू नये. गावाला सामाईक चराऊ रान असावे आणि तळी, विहिरी, जंगल यांवरचे लोकांचे हक्क मान्य व्हावेत. शेतमजुराला जगण्यापुरती मजुरी कायद्याने मिळावी. किसान संघटनांना मान्यता मिळावी.

यांतले एकेक कलम खानदेशच्या अंगाला लागणारे होते. १९२९ नंतरच्या जागतिक मंदीत कापसाचे भाव कोसळले, सारा मात्र रोख रकमेत आणि ठरलेल्या आकड्यात होता. भाव निम्मा झाला की तोच सारा भरायला दुप्पट कापूस विकावा लागतो. सारा भरायला सावकाराकडे जावे लागते आणि सावकाराकडे गहाण पडलेली जमीन फिरून येत नाही. तीस वर्षे न बदलणारा सारा ही १८५०च्या दशकात सरकारची मोठी मेहेरबानी म्हणून सांगितली जात होती. मंदीत तीच गोष्ट फास ठरली. ज्या जंगलांवर परवाने बसले होते आणि ज्या गायरानांवर हद्दी पडल्या होत्या, त्यांचाही उल्लेख कार्यक्रमात आला. जमीनदारीच नष्ट करा अशी किसान सभेतल्या डाव्यांची मागणी होती. ती कार्यक्रमात आली नाही आणि त्यावर तेव्हाही टीका झाली. ही टीका रास्त होती. पण खानदेशासारख्या रयतवारी मुलखात, जिथे सरकार आणि सावकार हेच शेतकऱ्याचे दोन धनी होते, तिथे या तेरा कलमांनी दोघांनाही थेट हात घातला.

फेब्रुवारी १९३७च्या निवडणुकीत मुंबई इलाख्यात काँग्रेस सर्वांत मोठा पक्ष झाला आणि जुलैमध्ये बाळ गंगाधर खेर यांचे मंत्रिमंडळ आले. कार्यक्रमातले सगळे त्याने केले नाही. १९३९ मध्ये कूळकायदा आणि शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा असे दोन कायदे इलाख्याने केले. त्याच वर्षी युद्ध सुरू झाले आणि मंत्रिमंडळाने राजीनामा दिला. या दोन कायद्यांची खरी अंमलबजावणी पुढच्या काळात झाली, आणि स्वातंत्र्यानंतरच्या कूळकायद्याची पायवाट त्यांनी तयार केली.

खेड्यात अधिवेशन भरवण्याची रीत मात्र लगेच रुजली. १९३८ मध्ये काँग्रेस गुजरातेत हरिपुऱ्याला भरली, तीही तापीच्याच काठी. १९३९ मध्ये जबलपूरजवळ त्रिपुरीला, १९४० मध्ये बिहारमध्ये रामगडला. नंदलाल बोस हरिपुऱ्यालाही होते. युद्ध आणि चले जाव चळवळीमुळे त्यानंतर सहा वर्षे अधिवेशन झाले नाही.

आज फैजपूर परिसरात फेरी करणाऱ्याने सावदा स्टेशनपासून सुरुवात करणे सोयीचे. फलाटावर उभे राहिले की मुंबई-कलकत्ता मार्ग कुठून गेला आणि गाव किती बाजूला राहिले हे नकाशाविना कळते. तिथून सावद्याच्या बाजारातून फैजपूरला यावे, जुन्या पेठेतल्या अरुंद गल्ल्या पायी पाहाव्यात. मग टिळकनगराचा माळ. बांबूची एक काडीही तिथे नाही; सोबत जाणता माणूस हवा तो इथेच. मोर्चा कुठून आला, कोणत्या बाजूने गाड्या लागल्या, हे सांगणाऱ्याशिवाय ती जागा नुसती जागा आहे. घरोघर ऐकलेल्या आठवणी अजून सांगितल्या जातात. मात्र आठवण आणि नोंद यांतला फरक सांगणाऱ्याने पाळावा. अधिवेशनाबद्दल रंगवलेल्या कहाण्याही बऱ्याच आहेत.

फैजपुरात तापी परिसर विद्या मंडळाचे धनाजी नाना महाविद्यालय १९६१ मध्ये सुरू झाले. नानांच्या नावाची ती संस्था आजूबाजूच्या खेड्यांतल्या मुलांना शिकवते. वेळ असेल तर पुढे खिरोद्याला जावे. सातपुड्याच्या कुशीतल्या या गावात शाळांबरोबर चित्रकलेचे शिक्षण देणारी सप्तपुट ललित कला भवन ही संस्था आहे, आणि खेड्यातला मुलगा तिथे रेखाटन शिकतो. अधिवेशनाचे संघटन करणाऱ्या धनाजी नानांचे चिरंजीव मधुकरराव चौधरी पुढे महाराष्ट्राचे शिक्षणमंत्री आणि १९९० ते १९९५ या काळात विधानसभेचे अध्यक्ष झाले. फेरी भुसावळकडे परतताना तापीच्या रेल्वेपुलापाशी संपवावी. भुसावळहून मुंबईच्या गाड्या मिळतात.